तळ्यावरची बिनडोळ्यांची बाई

रिझवान, हॉर्न वाजवू नकोस रे बाबा. हॉर्नला घाबरून धुकं काही बाजूला होणार नाही. सगळी लाइन खलास उभी आहे, आपणही उभे राहू. शुभ्रा, मागे खायला काही असेल तर काढ. आणि अंकुर, ठेव तो मोबाइल खाली. रोज चौघं एका गाडीने ऑफिसातून शारजाला जातो, आणि रोज तुझं तोंड त्यात खुपसलेलं.

डावीकडे कुंपणाचा पत्रा आहे बघ. आत्ता डोंबल दिसणार नाही, पण आहे. त्या पत्र्यामागे तळं होतं. हसतोस काय? वाळवंटातच होतं. पंपाने पाणी आणून भरलेलं, मधे एक लहानसं बेट, कडेने व्हिला. न्यूझीलंडची थीम होती. आता का नाही, ते सांगतो. माझ्यावर नाही बेतलं हे. हेमचंद्रवर बेतलं. माझ्या समोरच्या फ्लॅटमध्ये राहायचा, अल नहदाला. मी हेमू म्हणायचो त्याला.

हेमू पुण्याचा. त्या प्रोजेक्टचा सेल्स मॅनेजर. कॉलेजात असताना खडकवासल्याला एनसीसीमध्ये शिडाची बोट शिकला होता, म्हणून गिऱ्हाइकांना तळ्यावर फिरवायचं काम त्याच्याच गळ्यात पडलं. पण आवडीने करायचा. संध्याकाळचा वारा सुटला की बोट काढायची, ज्यूसचे ग्लास हातात द्यायचे आणि काठाकाठाने खांब दाखवत जायचं. कोरीव खांब हं. त्यासाठी खास न्यूझीलंडहून एक माओरी कलावंत आणला होता. दांडगा माणूस, गालभर गोंदलेलं, बोलायला मात्र मऊ. काठावर त्याने माणसाएवढे खांब उभे केले. वटारलेले डोळे, बाहेर काढलेली जीभ, अंगभर वळ्यावळ्यांची नक्षी. डोळ्यांच्या जागी कसलासा शिंपला बसवायचा, हिरवा-निळा. हेमू एकदा गमतीने त्यांना शो-पीस म्हणाला, तर त्याने हातातलं हत्यार खाली ठेवलं आणि सांगितलं, हे आमचे पूर्वज आहेत, नीट बोलायचं. हेमूने तिथल्या तिथे माफी मागितली.

मग दोन हजार आठ उजाडलं. तुम्ही तेव्हा शाळेत होतात, तुम्हाला काय कळणार. दिवाळीपर्यंत क्रेन थांबल्या, एअरपोर्टच्या पार्किंगमध्ये लोक गाड्या सोडून पळाले. त्या कलावंतालाही घरी जायला सांगितलं. बेटावरची एक मूर्ती अर्धी राहिली. बाईची होती. सगळं कोरून झालं होतं, फक्त डोळ्यांच्या दोन खोबण्या रिकाम्या. जाताना त्याने तिच्या तोंडावर गोणपाट बांधलं आणि हेमूला म्हणाला, "डोळे मीच बसवणार. पहाटे, आमची प्रार्थना म्हणून. तोवर हिला कोणी हात लावू नका." हेमूने घरी येऊन हे बायकोला जसंच्या तसं सांगितलं होतं. विभावरीला. लक्षात घ्या, तिला सगळं माहीत होतं.

आणि त्याच दिवसांत त्यांच्या घरावर दुसरं संकट. वेदांग, एकुलता एक, सात वर्षांचा. खाली पार्किंगमध्ये मुलं क्रिकेट खेळत होती, बॉल थेट उजव्या डोळ्यावर बसला. जानेवारीत ऑपरेशन झालं. डॉक्टर म्हणाले, रविवारी पट्टी काढू, मग कळेल दिसतंय की नाही. आशा ठेवा, पण धरून चालू नका. त्या माउलीचा जीव नुसता टांगणीला लागला होता. जेवण नाही, झोप नाही. तिने कुलदेवीला नवस बोलला. पोराचा डोळा येऊ दे, तुला चांदीचे डोळे वाहीन. आपल्याकडे वाहतातच. बर दुबईला देवळाच्या गल्लीत जाऊन छोटेसे चांदीचे डोळे घेऊनही आली, आणि पर्समध्ये घेऊन फिरायची. गावी जायचं तर पासपोर्ट कंपनीत अडकलेले.

तर, शुक्रवार. सोळा जानेवारी दोन हजार नऊ. दोनच दिवसांपूर्वी संक्रांत झालेली. हेमूला ऑफिसातून फोन आला की साइटला टाळं लागतंय, बोटीचं शीड उतरवून आतल्या खोलीत ठेव आणि किल्ली दे. साधं काम. हेमू म्हणाला, चला, तुम्हीही चला, शेवटची एक चक्कर मारू. पोराचंही मन रमेल.

आणि रमलं की! हेमू सांगत होता, इतकी छान संध्याकाळ कधी मिळाली नव्हती. वारा अगदी बेताचा. ऊन केशरी झालेलं. बोट कडेकडेने चालली होती, पाण्याची चुळुकचुळुक तेवढी. वेदांग एका डोळ्यावर पट्टी बांधून, च्युइंगम चघळत पुढे बसला होता आणि एकेका खांबाला जीभ दाखवत होता. "बाबा, ही इज सो रूड!" म्हणत होता. विभावरी किती दिवसांनी हसली. तिने डब्यातून तिळाच्या वड्या काढल्या. तिघांनी खाल्ल्या, वेदांगने च्युइंगम गालात सरकवून.

मग बेट आलं. मूर्तीवरचं गोणपाट वाऱ्याने सुटून खाली पडलं होतं.

विभावरी बघतच राहिली. म्हणाली, "अहो, बोट लावा ना जरा."

"कशाला?"

"आज शुक्रवार आहे. देवीचा वार. ही बाईच आहे ना? आणि डोळे नाहीत हिला."

हेमूने शिडाची दोरी धरून ठेवली. तो म्हणाला, "विभा, वेडी आहेस का? ती आपली देवी नाही. त्यांच्या घरातलं कोणीतरी आहे ते. आणि नवस आधी फेडतात का?"

"मग कधी फेडू? पासपोर्ट मिळाल्यावर? परवा रविवार आहे अहो!" आणि ती रडायलाच लागली. आई रडायला लागली तसं पोरगंही रडवेलं झालं. हेमूने बोट लावली. काय करणार बिचारा. तुम्ही असतात तर लावली नसतीत?

ती उतरली. पर्समधून डोळे काढले. आता चिकटवायचे कशाने? देवळात मेण असतं. इथे काय? तिने इकडेतिकडे बघितलं, आणि वळून पोराला म्हणाली, "वेद्या, ते तोंडातलं दे."

अरे, उष्टं! देवाच्या पुढ्यात आपण फूल ठेवतो तर त्याचा वासही घेत नाही आधी. आणि हिने पोराच्या तोंडातलं उष्टं च्युइंगम घेतलं, दोन तुकडे केले, आणि त्या परक्या बाईच्या खोबण्यांत दाबून वर चांदीचे डोळे बसवले. मला आजही संताप येतो. चांगली शिकलेली बाई. पण भीतीपुढे शिक्षण कुठे टिकतं म्हणा. हात जोडून म्हणाली, "हे तुझे. आता माझ्या बाळाला दे."

बोट निघाली तेव्हा दिवस मावळला होता. मगरिबची अजान लांबून ऐकू आली आणि थांबली. अंधार पडला. व्हिला रिकामे, कुठे दिवा नाही. काठ दिसत होता, पण अंधुक.

वारा पडला. हेमूने वल्हं हातात घेतलं.

वेदांग आईच्या मांडीवर डोकं ठेवून पडला होता. चांगला डोळा मिटलेला, दुसऱ्यावर पट्टी. तो म्हणाला, "आई, आय कॅन सी."

विभावरीला आधी कळलंच नाही. मग तिने त्याला घट्ट धरलं. "काय दिसतंय सोन्या? पट्टीतून दिसतंय?"

"बोट."

"कुठली बोट?"

"अवर बोट. आय कॅन सी अस."

"हो रे राजा, आपण बोटीतच आहोत..."

"नो आई. फ्रॉम देअर."

त्याने हात उचलला. मागे. बेटाकडे.

हेमूचं वल्हं थांबलं.

"बाबांची पाठ दिसतेय," पोरगं म्हणालं. "यू आर गेटिंग स्मॉल."

हेमूने वल्हं मारलं. एक... अजून एक... काठ जवळ येत होता, बेट मागे पडत होतं. पोरगं झोपेत बोलल्यासारखं पुटपुटत होतं. स्मॉल... स्मॉल...

मग गप्प झालं.

हेमूने दहा-बारा वल्ही मारली.

"आई..."

"काय रे?"

"नाउ यू आर गेटिंग बिग."

रिझवान, काच वर कर. गार लागतंय.

हेमूने मागे वळून पाहिलं. काळं पाणी. तरंग नाही. आवाज नाही. काही म्हणजे काही नाही. त्याने पुन्हा वल्हं मारायला घेतलं. वल्हं पाण्यात नीट पडेना.

"बिगर," पोरगं म्हणालं.

"वेद्या, डोळा मीट!"

"इट इज क्लोज्ड, आई."

तिने बोटांनी चाचपून पाहिलं. मिटलेलाच होता.

"तुझी वेणी दिसतेय. तुझा गजरा."

विभावरी बोटीच्या मागच्या टोकाला बसली होती. तिची पाठ बेटाकडे. तिने मागे बघितलं नाही. हेमू म्हणाला, तिचा चेहरा त्याला त्या अंधारातही पांढरा दिसत होता. आणि तिच्या मागे काही नव्हतं. तो शपथेवर सांगत होता, काही नव्हतं.

हेमू ओरडला, "मी बोट वळवतो! ते डोळे उपटून पाण्यात फेकतो!" त्याने वल्हं उलटं धरलंही.

आणि विभावरीने त्याचं मनगट पकडलं. नखं रुतेपर्यंत.

"नाही."

"विभा, ऐक..."

"नाही! काढायचे नाहीत. त्याला दिसतंय अहो. त्याला दिसतंय."

नवरा-बायको त्या अंधारात एकमेकांकडे बघत राहिले. मधे पोरगं. वल्हं कोणीच मारत नव्हतं. तरी बोट चालली होती... हळूहळू... काठाकडे. मागून कोणीतरी हात लावून पुढे सारावी तशी.

टक्. बोट काठाला लागली.

"ओके," वेदांग म्हणाला. "शी स्टॉप्ड." आणि झोपून गेला.

किल्ली नाही, शीड नाही. बोट तशीच टाकून हेमू पोराला खांद्यावर घेऊन पळाला. त्याच रात्री माझ्या दारात उभा. शर्ट घामाने ओलाचिंब. हे सगळं त्याने माझ्या सोफ्यावर बसून सांगितलं. मी म्हटलं, घाबरलं असेल रे पोर, औषधांनी होतं असं.

रविवारी पट्टी निघाली. डोळा ठणठणीत! डॉक्टर चकित. शेवटच्या ओळीतली बारीक अक्षरंसुद्धा घडाघडा वाचली त्याने. विभावरीने अख्ख्या बिल्डिंगला पेढे वाटले. मीही खाल्ले. खोटं कशाला बोलू, दोन खाल्ले.

तळ्याचे पंप बंदच झाले होते. उन्हाळ्यात पाणी आटलं. काठावरचे खांब त्या कलावंताची माणसं येऊन मानाने परत घेऊन गेली. बेटावरची मात्र त्यांना सापडली नाही. तिची जागा रिकामी, आणि आटलेल्या तळ्यात चिखलाचे खड्डेच खड्डे, तिथे कुठे शोधणार. पुढे दुसरी कंपनी आली, त्यांनी ट्रकच्या ट्रक वाळू आणून अख्खं तळं बुजवलं आणि पत्रा लावून ठेवला.

वेदांग आता मोठा झाला. दुबई मरीनाला बँकेत आहे, तिघं तिथेच राहतात, पस्तिसाव्या मजल्यावर. चष्मासुद्धा नाही. फक्त झोपायचं टाळतो. रात्र रात्र जागतो, कॉफी पितो, येरझाऱ्या घालतो. विचारलं तर हसून म्हणतो, "काका, इट्स टू डार्क देअर." कुठे, ते सांगत नाही.

गेल्या डिसेंबरात हेमू पुण्याला गेला होता, आणि विभावरीचा मला पहाटे फोन आला. "भाऊजी, येता का?" गेलो. किती म्हातारी झाली आहे ती, काय सांगू. मला थेट वेदांगच्या खोलीत घेऊन गेली. पोरगा दमून उजव्या कुशीवर झोपला होता. खिडक्या त्या बिल्डिंगला उघडतच नाहीत, सीलबंद काच. एसी चालू. खोली आरशासारखी स्वच्छ.

ती त्याच्याजवळ बसली. त्याचं डोकं हलकेच उचललं, आणि रोजचं काम करावं तसं पदराच्या टोकाने त्याच्या उजव्या डोळ्याचा कोपरा पुसला. मग मला उशी दाखवली.

उशीवर, बरोबर डोळ्याखाली, मूठभर वाळू होती.