तिच्या खोलीतली चाळीस सेकंदं

कुणी खोटं म्हटलं तर म्हणू दे. त्या रविवारी दुपारी तीन वाजता मी त्या हॉलमध्ये दादाच्या शेजारीच बसले होते.

सिनेमा माझ्या मावसभावाचा, टिल्लूचा. प्रायोगिक म्हणे. चित्र नाहीच. काळा पडदा आणि लोकांची चोरून रेकॉर्ड केलेली बोलणी. लिफ्टमधली, दवाखान्याच्या बाकावरची...

आणि घरातली.

दादा त्याचा सख्खा भाऊ. वहिनी दार लावून मैत्रिणीशी फोनवर रडत बोलायची. टिल्लूने खोलीत रेकॉर्डर लपवला होता.

"हे चांगलेच आहेत गं. पण माझं मन इथे कधी लागलंच नाही."

तिला कळलं तेव्हा ती त्याच्या पाया पडली. "भावजी, एवढं काढून टाका."

मेल्याने नाही काढलं. पहिल्याच खेळाला नातेवाईकांनी आवाज ओळखला. दादापर्यंत बातमी गेली. आठवड्याच्या आत वहिनीने जीव दिला.

दादाने एकच विचारलं, "तिने तुला नको म्हटलं होतं का?"

"नाही रे दादा. शप्पथ."

दादाने विश्वास ठेवला. त्याला आता दुसरं होतं तरी कोण?

मग टिल्लूने तो भाग कापला. आवाज कापला की तिथे कानाला खड्डा लागतो. म्हणून त्याच खोलीतली शांतता रेकॉर्ड करून तिथे भरतात. तिच्या रिकाम्या खोलीत बसून त्याने चाळीस सेकंदं घेतली. तीनदा ऐकली. काही नव्हतं.

रविवारी ती जागा आली...

पंख्याची घरघर...

कुणीतरी श्वास घेतला...

"भावजी, मी पाया पडले तरी का ठेवलंत?" वहिनीचा आवाज. अगदी शांत.

"रडणं खरं होतं तुझं. असं विकत मिळत नाही." हा टिल्लूचा.

"आणि आता?"

"आता तू मेलीस म्हणून हॉल भरतोय."

टिल्लू आमच्या पुढच्याच रांगेत होता. तोंड मिटलेलं.

दादा उठला आणि निघून गेला. त्यानंतर तो भावाशी एक शब्द बोललेला नाही.

"मी हे कधी बोललोच नाही गं," टिल्लू मला रडत म्हणाला. "नुसतं मनात आलं होतं."

दादा हल्ली रोज दुपारी त्या खोलीत रेकॉर्डर लावून बसतो. परवा मला फोन केला, "ये ना, बस जरा वेळ माझ्याजवळ."

मी डोकं दुखतंय म्हणून टाळलं.

पहिल्या खेळातला तो आवाज वहिनीचा आहे, हे दादाला पहिल्यांदा मीच सांगितलं होतं. सांगताना मला किती बरं वाटत होतं, ते त्याला ऐकू यायला नको.