दातखीळ

लाइट गेलीच आहे, तर मोबाइल खाली ठेवा आणि ऐका. ही कुणाच्या तरी मामेभावाची गोष्ट नाही. अष्टमी गावच्या आपल्या सुरभी डॉक्टरची आहे. तिचा पेणला दातांचा दवाखाना आहे, तुमच्यातल्या दोघांच्या दाढा तिनेच काढल्यात. तिला जाऊन विचारा. सांगेल की नाही, ते मात्र मला माहीत नाही. मला तिने एकदाच सांगितली. तीही भर दुपारी, दार उघडं ठेवून.

२०१९ सालचा अकरा फेब्रुवारी. सोमवार. माघी गणपती होऊन तीन दिवस झाले होते. सुरभीने साडेसहाला दवाखाना बंद केला आणि स्कूटी काढून ती खाडीकडच्या एका गावाला निघाली. गावाचं नाव सांगत नाही, त्या घरात माणसं अजून राहतात. काम साधं होतं. जनू आजोबांची कवळी तयार होऊन आली होती. म्हाताऱ्याला दवाखान्याचा जिना चढवत नव्हता आणि महिनाभर तो नुसत्या पेजेवर होता. कवळी बसवायची, कुठे टोचते का बघायचं, स्कूटी पेणला लावायची आणि एसटीने घरी. एवढंच.

शेवटचा रस्ता बांधावरून जातो. दोन्ही बाजूंना मिठागरं. अंधार पडला तरी मिठाच्या राशी तेवढ्या पांढऱ्या दिसत होत्या. सात वाजून दहा मिनिटांनी ती जनू आजोबांच्या अंगणात पोचली.

पडवीत एकच बल्ब, तोही मिणमिणता. खांबाला टेकून एक माणूस बसला होता. चाळिशीचा असेल. गंजीफ्रॉक, अर्धी चड्डी, आणि एक हात गालावर.

"जनू आजोबा आहेत ना घरात?" तिने हेल्मेट काढत विचारलं.

तो हसला.

"आजोबांची कवळी आणलीये. आहेत ना आत?"

तो हसतच होता.

सुरभीला राग आला. एकट्या बाईमाणसाकडे बघून हसणारे काय थोडे असतात? ती दोन पायऱ्या चढली आणि थबकली. त्या हसण्यात काहीतरी चुकत होतं. ओठ दोन्हीकडे ताणलेले, दात वरपासून खालपर्यंत उघडे, भुवया वर चढलेल्या. पण डोळे हसत नव्हते. डोळ्यांतून पाणी गळत होतं.

मग तिच्यातली डॉक्टर जागी झाली.

"जबडा धरलाय का? कधीपासून?"

तिने वाकून त्याच्या गालाखाली बोटं दाबली. स्नायू लाकडासारखा घट्ट. अंग गार होतं. खाडीवरचा वारा लागला असेल, असं तिला वाटलं. टॉर्च लावून पाहिलं. अक्कलदाढ आली की जबडा धरतो, पण तिथे सूज असते. इथे सूज नव्हती. गुटखा खाणाऱ्याचं तोंड हळूहळू मिटत जातं, पण हे दात स्वच्छ होते, फक्त पुढचे दोन पडलेले. तिने पिशवीतून लाकडी पट्टी काढली, दातांच्या फटीतून जेमतेम आत सरकवली आणि घशाला टेकवली. धड माणसाला अशा वेळी उमासा येतो. तो तोंड उघडून पट्टी ढकलायला बघतो.

याचा जबडा आवळला.

कट्.

पट्टी तुटली. तेवढ्यात बांधावरून एक मोटारसायकल गेली, हॉर्न वाजवत. आणि तो माणूस ताणला गेला. डोकं मागे. टाचा जमिनीत. मधली पाठ उचललेली, धनुष्यासारखी. तोंडातून आवाज नाही. हसू तसंच.

तिने हे पुस्तकात वाचलं होतं. पाहिलं पहिल्यांदाच.

"पायाला काय लागलंय? खिळा? पत्रा? दाखवा मला…"

त्याने हात उचलला. फार सावकाश. पायाकडे नाही.

घराच्या आत.

सुरभी धावत आत गेली. जनू आजोबा बाजेवर बसले होते. त्यांची सून पुतळी भाकऱ्या भाजत होती.

"गाडी बोलवा! बाहेर त्यांना धनुर्वात झालाय. वेळ नाहीये!"

पुतळीच्या हातातली भाकरी परातीत पडली.

"कोनाला?" जनू आजोबांनी विचारलं.

"ते पडवीत बसलेत ना… गंजीफ्रॉकवाले…"

तव्यावरची भाकरी करपायला लागली. मग म्हातारा हळूच म्हणाला, "हसत व्हता?"

"…हो."

"माजा पोरगा, काळुराम. चार वर्सं झाली त्याला जाऊन." म्हाताऱ्याने भिंतीकडे तोंड फिरवलं. "ओठ मिटलेच नाय त्याचे. तसंच जाळला आमी."

सुरभीने दारातून पाहिलं. पडवीत बल्ब होता. खांब होता.

बस.

पळून जावं, स्कूटीला किल्ली मारावी, एवढंच डोक्यात होतं. ती वळलीही. आणि आतल्या खोलीतून बारीक आवाज आला.

"आये… पानी दे गो…"

शब्द कळत होते. पण दातांतून येत होते. मिटलेल्या दातांतून.

"कोण आहे आत?"

"सरू, माजी लेक," पुतळी म्हणाली. "तिची दाढ दुखतेय दोन दिस. लवंग लावलीय. उद्या तुमच्याकडेच आननार व्हते, ताई…"

सतरा वर्षांची सरू भिंतीकडे तोंड करून निजली होती. सुरभीने दोन बोटं तिच्या ओठांशी नेली. एकही आत गेलं नाही. गालाखालचा स्नायू… तसाच. मान ताठ. ओठांचे कोपरे नुकते कुठे बाजूला ओढले जात होते.

"सरू, पायाला काय लागलंय?"

सरूने आईकडे बघितलं. मग पांघरुणातून टाच बाहेर काढली. मिठागराच्या फळीतला खिळा घुसला होता, आठ दिवसांपूर्वी. बाप पायाच्याच जखमेने गेलेला. आई घाबरेल म्हणून पोरीने हळद भरून वर चिंधी बांधली होती आणि कुणाला सांगितलं नव्हतं. दहावीनंतर शाळा सुटली, सोळाव्या वर्षाचं धनुर्वाताचं इंजेक्शनही राहून गेलं होतं.

आता सुरभीला भ्यायला वेळ नव्हता. तिने खोलीतला दिवा मालवला. सगळ्यांचे फोन बंद करायला लावले आणि आपल्या फोनवरून अंगणात जाऊन अॅम्ब्युलन्स मागवली. वर ताकीद दिली, गावात शिरताना भोंगा वाजवायचा नाही, गाडी खड्ड्यांतून जपून आणायची. धनुर्वातात आवाज झाला, उजेड पडला, नुसता धक्का लागला तरी झटका येतो. एकेका झटक्यात श्वास कोंडतो. पुतळी पाणी पाजायला आली तर तिने तिलाही अडवलं. "घशात अडकेल. दात उघडायला जाऊ नका. हात लावू नका."

हे ऐकलं आणि पुतळी मटकन खाली बसली. तोंडात पदर कोंबून ती कुजबुजली, "आमी लावला व्हता, ताई."

"काय?"

"हात. सरूच्या बापाला. त्याची दातखीळ बसली तवा लोक म्हनले, बाहेरचं हाय. भगत आनला. उलथन्यानं दात उघडले… दोन दात पडले. मंग ढोल. रातभर ढोल, ताई. एकेका ढोलाला तो असा… असा उचलायचा. आमी म्हनायचो, भूत हसतंय." ती थांबली. "त्याला समदं कळत व्हतं, व्हय ना?"

धनुर्वातात माणूस शेवटपर्यंत शुद्धीवर असतो. हे तिला सांगता आलं नाही.

पेणच्या सरकारी दवाखान्यात जखम धुतली, आतली घाण कापून काढली, धनुर्वाताच्या विषावरचं इंजेक्शन दिलं. रात्रीच मोठ्या हॉस्पिटलात हलवलं. रस्त्यात दोन झटके आले. दुसऱ्या झटक्यात पोरीचे ओठ निळे पडले. पोचल्यावर तिला गुंगीची आणि स्नायू सैल पाडायची औषधं सुरू केली, गळ्याला भोक पाडून नळी घातली आणि मशीनवर ठेवलं. डॉक्टर म्हणाले, "अजून एक दिवस घरी राहिली असती तर आणूच नका म्हणालो असतो. आताही खात्री देत नाही."

काचेच्या दाराची, अंधारी, कोपऱ्यातली खोली होती. आईलासुद्धा आत सोडत नव्हते. पुतळी बाहेरच्या बाकावर बसून असायची. रात्री कुठे ट्रॉली आपटली, दार वाजलं, की दचकून उभी राहायची. काचेतून बघायची. पोर झोपलेली असायची. बारा दिवसांनी झटके थांबले. विसाव्या दिवशी मशीन काढलं.

सरू जगली. आज तिला एक मुलगी आहे. पण आवाज गेला तो पुरता परत आला नाही. अजून घोगरं बोलते.

मशीन काढलं त्या दिवशी सुरभी तिकडेच होती. वॉर्डात हलवायच्या आधी सिस्टर सरूचं अंग पुसत होती. केस बाजूला केले आणि ती थांबली.

"डॉक्टर… हे कुणी घातले?"

सरूच्या दोन्ही कानांत कापसाचे बोळे होते. आवाज जाऊ नये म्हणून घालतात तसे, नीट, हलक्या हाताने बसवलेले. तिथल्या डॉक्टरांनी मान हलवली. आम्ही नाही. सिस्टरने दिवसातून दोनदा अंग पुसलं होतं. काल संध्याकाळपर्यंत कानांत काही नव्हतं. आणि रात्री सिस्टरशिवाय त्या खोलीत कुणी गेलं नव्हतं, तिनेही ते घातले नव्हते.

सिस्टरने चिमट्याने एक बोळा काढून ट्रेमध्ये ठेवला. हॉस्पिटलचा कापूस पांढरा असतो. हा जुना होता, पिवळट, जुन्या गादीतला असतो तसा. त्याला खाडीच्या चिखलाचा वास येत होता.

आणि तो ओला होता.