ढिलीतला होकार

लेस्या प्रोकोपचुक आतून फाटक ओढायला आणि रेमी पेल्टियर बाहेरून ते ढकलायला एकच गाठ पडली. फाटक बिजागऱ्यांतून अलगद निखळलं आणि दोघांच्या मध्ये आडवं झालं. कुणाला खरचटलंसुद्धा नाही.

"हे... मी केलं?"

"ढिलीने केलं. तुम्ही गारांचे साहेब ना?"

"विमा कंपनीचा. गारा माझ्या नसतात."

"अरेरे! म्हणजे तक्रार कुणाकडे करायची?" लेस्या म्हणाली आणि फाटक ओलांडून पुढे झाली.

आकाशात तेव्हा भरदुपारीही तो फिकट पिवळसर पट्टा दिसत होता. शास्त्रज्ञांनी त्याला लांबलचक नाव ठेवलं आहे. सस्कॅचवनच्या मैदानावरच्या झोर्यांका गावात त्याला नुसतं 'ढील' म्हणतात. दर काही वर्षांनी पृथ्वी त्या पट्ट्यातून जाते आणि तेवढ्यापुरता योगायोगांना धरबंध राहत नाही. उडवलेलं नाणं कडेवर उभं राहतं. हरवलेली मांजरं जोडीने परततात. गावाला त्याचं फारसं कौतुक नाही. न बोलावता येणारा आणि कामं वाढवून ठेवणारा पाहुणा, एवढीच त्याची किंमत.

प्रोकोपचुकांच्या कनोलाची, त्या मोहरीसारख्या तेलबियांच्या पिकाची, गारांनी एक ओळ झोडपली होती आणि एक सोडली होती... पुन्हा एक झोडपली होती, एक सोडली होती. शेताच्या टोकापर्यंत असंच. रेमी उकिडवा बसला आणि बघतच राहिला.

"असं व्हायची शक्यता शून्य," तो म्हणाला.

"मग वर कळवा, शून्य गारा पडल्या आणि नुकसान मात्र भरपूर झालं."

तो हसला. हसताना त्याचा एक गाल आधी हसायचा, दुसरा मागून. लेस्याने हे पाहिलं, आणि पाहिलं म्हणून स्वतःवरच चिडली.

तो त्याच दिवशी शहरात, रेजायनाला, परतायचा होता, पण परतला नाही. कंपनीने त्याला शेजारच्या शेतावर धाडलं, मग त्याच्या शेजारच्या. दुकानात लोणच्याच्या शेवटच्या बरणीवर दोघांचे हात एकदमच पडले. चर्चच्या हॉलमध्ये बिंगोचे आकडे लेस्याच पुकारायची. तिथेही तो पहिल्या रांगेत येऊन बसला.

"बी सात," तिने पुकारलं. "काय? हाही तुमच्याकडे आहे?"

"आहे. माफ करा."

"जरा तरी लाजा हो!"

"लाजतोय की. तिथून तुम्हाला दिसत नसेल... जवळ येऊन बघा."

हॉल खिदळला. लेस्याची आत्या, तेता स्टेफ्का, हिने पेरोगीची, म्हणजे बटाट्याच्या उकडलेल्या करंज्यांची, भरलेली ताटली त्याच्यापुढे ठेवली आणि त्याच्याकडे असं निरखून पाहिलं, जसं बाजारात घोड्याकडे पाहतात.

आणि मग एका संध्याकाळी धान्याच्या कोठारामागे, पट्ट्याच्या उजेडात, रेमीने विचारलं.

"लग्न करशील माझ्याशी?"

"हो," लेस्या म्हणाली. इतक्या पटकन, की तिची तिलाच भीती वाटली.

कारण झोर्यांकात ढिलीतला शब्द कच्चा. पट्टा गेला की येणाऱ्या रविवारी सगळे हॉलमध्ये जेवायला जमतात आणि ज्याने शब्द टाकला असेल त्याने तो सगळ्यांसमोर पुन्हा टाकायचा. नाही टाकला तर विषय मिटला. राग नाही, रुसवा नाही. एकच बंधन, आठवण कुणी करून द्यायची नाही. आठवण करून दिलेला शब्द स्वतःचा कसा? मागच्या ढिलीत ऑरेस्टने लेस्याला असंच विचारलं होतं. रविवारी तो पेरोगी खाऊन, हात धुऊन घरी गेला. हे दुसऱ्यांदा सोसायची ताकद आपल्यात नाही, हे लेस्याला पक्कं ठाऊक होतं.

पट्टा शनिवारी मावळला. रविवारी रेमी उशिरा आला, गुडघ्यापर्यंत चिखलाने माखून. म्हाताऱ्या ह्रित्सने शेजाऱ्याकडे ट्रॅक्टर पुन्हा मागितला. दोन भावांनी मिटवलेलं भांडण पुन्हा मिटवलं. रेमी जेवला, लेस्याच्या बाबांशी खत-बियाण्यांवर बोलला, पुन्हा वाढून घेतलं. आणि उठला.

"निघतो गं. उद्या काम आहे."

लेस्याने समोरची ताटली बाजूला सारली. "बरं," ती म्हणाली.

"जाऊ दे पोरी," तेता कानाशी कुजबुजली. "ऑरेस्टपेक्षा बरा. निदान सांगून तरी जातोय."

रेमी दारापर्यंत गेला आणि वळला. "आणि हो... बैठकीचे पडदे हिरवे चालतील ना तुला? दुकानदार मागे लागलाय."

पडदे! सोडून जाणारा माणूस पडद्यांचा रंग विचारत नाही. लेस्याला लख्ख कळलं, याला रिवाज माहीतच नाही! गावात तो प्रत्येकाला पाळण्यापासून ठाऊक, म्हणून सांगायचं कुणाला सुचलंच नव्हतं. आणि आता सांगावं, तर ती आठवण झाली.

आकाश साधं, निळं, रिकामं होतं. आज तिकडून कसलीच मदत येणार नव्हती.

"रेमी, थांब."

"लेस्या!" तेता ओरडली. "आठवण करून द्यायची नाही!"

"मी कुठे आठवण करून देतेय? मी विचारतेय." ती उठून मधोमध आली. "रेमी पेल्टियर, माझ्याशी लग्न करशील?"

"पण आपलं तर... ठरलंय ना?"

"ते ढिलीत. तेव्हा काहीही जमत होतं. आज नीट विचार करून सांग. नाही म्हणालास तरी कुणी तुला बोल लावणार नाही."

रेमी दारातून परत आत आला. बाकांवरचे काटे-चमचे थांबले.

"मला रोज तीच धास्ती होती," तो हळूच म्हणाला. "वाटायचं, हे सगळं आभाळच घडवतंय. पट्टा गेला की ही मला ओळखसुद्धा दाखवणार नाही. सकाळी तो नाही दिसला आणि तसाच गाडी काढून इकडे निघालो. मग टायर फुटला. जादा चाकात हवा नाही. हात केला तर एकही गाडी थांबेना. शेवटी शेतांतून चालत आलो."

"मग?"

"मग काय? आज काहीसुद्धा जमत नव्हतं, लेस्या. तरी मला इथेच यायचं होतं."

"हे उत्तर नाही झालं."

"हो," तो म्हणाला. "हो म्हणतोय मी."

"मोठ्याने. मागच्या बाकांपर्यंत जाऊ दे."

त्याने सांगितलं, मागच्या बाकांपर्यंत जाईल असं. लेस्याला रडू फुटलं, आणि इतक्या माणसांत तिने ते लपवलं नाही.