नोलीनचं गाव

त्या दिवशी उत्तरेचा वारा सुटला होता. वाळवंटावरून येतो तो, तापलेल्या तव्यावरून फुंकर घातल्यासारखा. त्रेचाळीस अंश होतं. जेटीवर गव्हाची धूळ उडून डोळ्यांत जात होती, बोटीच्या कठड्याला हात लावला की चटका बसत होता. दुपारी दोनला मुकादम म्हणाला, जा रे बाबांनो घरी, आज कुणी पडलं तर मला निस्तरावं लागेल. गुरुवार होता, फेब्रुवारीची सोळा तारीख, म्हणजे इकडे भर उन्हाळा. तारखा माझ्या लक्षात राहत नाहीत, पण ही राहिली.

बसा असे जवळ. तो दिवा घालवतो, पाखरं फार आलीत.

माझ्याबरोबर जेटीवर लिंडसे ट्रेझाइस होता. इथलाच, या वॉलरू बंदराचा. चाळीशी ओलांडलेला, एकटा, स्वभावाने सरळ. खोटं बोलताना मी त्याला कधी बघितलं नव्हतं. म्हणून तर ही गोष्ट त्याने मला सांगितली तेव्हा त्याची मान वर होत नव्हती. भुताचं सांगताना तो घाबरला नाही. आपलं स्वतःचं सांगताना घाबरला.

त्याला एकच नाद, खेळांचा. संगणकावरचे. मी फारसा शिकलेलो नाही, त्याने मला समजावलं तसंच तुम्हाला सांगतो. या दुकानातून घेतलेला खेळ इथे, त्या दुकानातला तिथे, असे शंभर ठिकाणी पसरलेले खेळ त्याने एकाच यादीत आणले होते. प्रत्येकाचं चित्र, आणि चित्राखाली लिहिलेलं: किती तास खेळलात, शेवटचं कधी खेळलात. आता त्याला त्या यादीत जुने खेळही बसवायचे होते, तीस वर्षांपूर्वीच्या कॅसेटांमधले. त्यासाठी इम्युलेटर लागतो. म्हणजे संगणक जुन्या यंत्राचं सोंग घेतो, आणि खेळाला वाटतं आपण आपल्याच घरी आहोत.

त्या दुपारी घरी येऊन तो तेच करत बसला. पडदे लावलेले, पंखा चालू. चार वाजता शेजारचा क्लॅरी पॅस्को आला. सत्तरीचा, निवृत्त, बायको नोलीन दीड वर्षापूर्वी वारलेली. हातात चहाच्या फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी.

"काय रे, अजून बाहुल्यांशी खेळतोस?"

"ये क्लॅरी. यात पत्तेपण आहेत. इथंही हरशील."

"मी हरत नाही, तुम्हाला जिंकू देतो." मग त्याने फडकं सोडलं. आत एक करडी कॅसेट. "नोलीनची आहे. माझ्याकडचं यंत्र आता चित्रच दाखवत नाही. शनिवारी पोरगी येणार आहे ॲडलेडहून, रोवेना. तिला एकदा आईचं गाव दाखवावं म्हणतो. होईल?"

"अर्ध्या तासात होईल. जा, घरी पंख्याखाली बस."

नोलीनचं गाव म्हणजे त्या खेळातलं गाव. एक बेट, एक जेटी, आणि रिकामी जमीन. मासे धरायचे, लाकूड आणायचं, घरं बांधायची, घरांना नावं द्यायची. बाईने अकरा वर्षं ते गाव बांधलं. आजारपणात झोप यायची नाही, तेव्हा तर रात्रभर. ते सगळं त्या कॅसेटमध्ये होतं. आत शर्टाच्या बटणाएवढी बॅटरी असते, ती ते जपून ठेवते.

लिंडसेकडे कॅसेट वाचायचं एक छोटं यंत्र होतं. पडद्यावर दोन बटणं. वरचं दाबलं की कॅसेटमधलं संगणकात येतं. खालचं दाबलं की संगणकातलं कॅसेटमध्ये जातं. दोन तास तो हेच करत होता, आपल्या कॅसेटा एकामागून एक: वरचं बटण, नवी बॅटरी, मग खालचं बटण. हाताला सवय झाली होती. नोलीनचा खेळ यादीत नीट दिसतोय का बघायला त्याने आधी एक कोरी सुरुवात करून ठेवली होती. नुसता समुद्र आणि जेटी.

मग कॅसेट बसवली. आणि खालचं बटण दाबलं.

संगणकाने विचारलं, खात्री आहे? त्याने वाचलंच नाही. हो म्हणाला.

दोन सेकंद लागले. अकरा वर्षं होती ती.

तासभर तो खटपट करत राहिला. काही उरलं नव्हतं. समुद्र आणि जेटी.

सहा वाजता कुंपणापाशी गेला. मला म्हणाला, जाताना ठरवलं होतं खरं सांगायचं. पण क्लॅरीने दाढी केली होती. चांगला शर्ट घातला होता, गाव बघायला यायचं म्हणून. आणि याच्या तोंडून निघालं, "क्लॅरी, कॅसेट कोरीच होती रे. आतली बॅटरी संपलीय. बॅटरी गेली की सगळं जातं."

क्लॅरीने कॅसेट आणि फडकं हातात घेतलं.

"बॅटरी," तो म्हणाला. "दोन वर्षं म्हणत होती ती. क्लॅरी, काडीनाला जाशील तेव्हा ती बॅटरी बदलून आण. आणि मी म्हणायचो, पुढच्या आठवड्यात." त्याने कॅसेट परत फडक्यात गुंडाळली. "माझीच चूक. तू मनाला लावून घेऊ नको, पोरा. एवढ्या उन्हात तू बसलास, तेच पुष्कळ."

वर आभार मानून गेला तो.

लिंडसे मला म्हणाला, तिथंच कुंपणावरून उडी मारून त्याच्या मागे जायला हवं होतं. तो घरात आला आणि बिअर उघडली. प्याला मात्र नाही.

त्या रात्री वारा पडला. दोन वाजून दहा मिनिटांनी त्याला जाग आली. घर गप्प होतं. आणि पुढच्या खोलीतून आवाज येत होता.

टक.

टक-टक.

मग थांबून परत, टक... टक-टक.

हा आवाज त्याच्या ओळखीचा होता. औषधांनी नोलीनचे हात थरथरायचे. एक बटण दाबायला जावं तर दोनदा दाबलं जायचं. उन्हाळ्यात खिडक्या उघड्या असायच्या, आणि कुंपणापलीकडून रात्रभर हाच आवाज यायचा.

तासभर तो ऐकत पडून राहिला, मग उठला. खोलीत कुणी नव्हतं. पडदा उजळलेला होता. यादी उघडी होती. नोलीनच्या खेळाखाली लिहिलं होतं: शेवटचं खेळलात, आज. एक तास.

त्याने खेळ उघडला. समुद्र. जेटी. आणि जेटीच्या टोकाशी एक घर. खिडकीत दिवा. वर नाव, क्लॅरी.

मला म्हणाला, बिघाड असेल. मी म्हटलं, घराला नाव देणारा बिघाड?

शुक्रवारी संध्याकाळी क्लॅरी दारात आला, हातात दोन गरम पेस्ट्या, म्हणजे खिम्याच्या मोठ्या करंज्याच म्हणा. एक त्याला दिली.

"सलगम जास्त पडलंय. नोलीनसारखी काही होत नाही."

"छान वास येतोय."

"खोटारडा," क्लॅरी हसून म्हणाला. मग जायला वळला, आणि थांबला. "बाकी काय? काही सांगायचंय का?"

"नाही. काय सांगायचं?"

"बरं," क्लॅरी म्हणाला. आणि गेला.

ती पेस्टी ओट्यावर तशीच राहिली. घास उतरेना.

त्या रात्री लिंडसेने हातात धरून खेळायचा बटणांचा रिमोट संगणकापासून काढला, कपाटाच्या खणात ठेवला, खण लावला. वर खणाला खुर्ची टेकवून ठेवली. मग अंथरुणात डोळे उघडे ठेवून पडला.

दोन वाजून दहा मिनिटं.

खणातून. टक... टक-टक.

त्याने पांघरूण डोक्यावरून घेतलं. एवढा मोठा माणूस. पहाटेपर्यंत तो आवाज चालू होता. घाई नाही. राग नाही. गेलेलं परत बांधायला बसलेल्या माणसासारखा.

उजाडल्यावर बघितलं. यादीत आता सहा तास. नऊ घरं झाली होती. खाटकाचं, पोस्टातल्या बाईचं, रोवेनाचं. सगळ्यांच्या खिडकीत दिवे. आणि क्लॅरीच्या घराला लागून एक मोकळी जागा. चारी बाजूंनी कुंपण घातलेली. नाव नाही.

शनिवारी रोवेना आली. संध्याकाळी निघताना कुंपणापाशी येऊन म्हणाली, "लिंडसे, आईच्या खेळाचं काय झालं रे? बाबांना विचारलं तर म्हणतात, लिंडसे सांगेल."

पोरीचे डोळे आईचे होते. तेवढंच तो मला म्हणाला. डोळे आईचे होते.

"बॅटरी संपली होती," लिंडसे म्हणाला.

"अरेरे," ती म्हणाली. "बाबांचं असंच. उद्या करू, उद्या करू." आणि गाडी सुरू करून गेली.

आता तर पोरगीही बापालाच दोष देत गेली.

त्या रात्री त्याने संगणकाची वायर भिंतीतून उपटली. वायर हातात धरून खुर्चीवर बसला. दिवे सगळे लावून.

एक वाजला.

दोन.

दोन वाजून दहा मिनिटांनी पडदा उजळला.

वायर हातात होती.

यादी नाही. चित्र नाही. थेट गाव. रात्रीचं गाव, सगळ्या खिडक्यांत दिवे. त्या मोकळ्या जागेत, कुंपणाच्या आत, एक बाई उभी. अंगठ्याएवढी. त्या जुन्या खेळांत माणसं असतात तशी, चौकोनी चेहरा, डोळ्यांच्या जागी दोन ठिपके. खेळातली माणसं उभी असली तरी हलत असतात, पाय आपटतात.

ही हलत नव्हती.

पाठीमागे गाव होतं. तोंड त्याच्याकडे.

"नोलीन," तो म्हणाला.

काही नाही.

"मी मुद्दाम नाही केलं."

काही नाही...

"मी सांगतो. उद्या सांगतो."

तेव्हा तिने मान हलवली. एकदाच. डावीकडून उजवीकडे.

उद्या नाही.

मी विचारलं, रागावली होती का रे? लिंडसे म्हणाला, नाही. रागावली असती तर बरं झालं असतं. ती नुसती वाट बघत होती. आईने दारात उभं राहावं तशी. मला माझीच लाज वाटायला लागली, इतकी, की घाबरायचंच राहून गेलं.

तो अनवाणी उठला. अंगात बनियन. मागच्या दाराने निघाला, कुंपण ओलांडलं. क्लॅरीच्या स्वयंपाकघरात दिवा होता. रात्री अडीचला. दार उघडंच होतं.

क्लॅरी टेबलापाशी बसलेला. कपडे नीट घातलेले. समोर फडक्यावर ती कॅसेट. त्याच्या पुढ्यात चहा, काळा, तो तसाच पितो. आणि समोरच्या रिकाम्या खुर्चीपुढे दुसरा कप. दूध घातलेला. अर्धा प्यालेला. वाफ निघत होती.

लिंडसेने त्या कपाकडे बघितलं. मग जमिनीकडे. आणि सगळं सांगितलं. बटण. न वाचता म्हटलेलं हो. बॅटरी. रोवेनाला परत सांगितलेलं. "तुझी चूक नव्हती, क्लॅरी. कधीच नव्हती. माझी होती."

क्लॅरीने कपाखाली ओघळलेला चहा बोटाने पुसला. समोरच्या खुर्चीकडे एकदा बघितलं. मग याच्याकडे.

"ठाऊक आहे मला," तो म्हणाला. "गुरुवारी रात्रीच सांगितलं तिने. मी म्हटलं, थांब जरा, त्याला बोलू नको काही, तो स्वतःच येईल... तीन दिवस लावलेस, पोरा."