झिवांशची आत्या

दिल्लीकडचा मराठी माणूस फोनवर मनमोकळ्या शिव्या घालतो, कारण आजूबाजूला कुणाला कळत नाही अशी त्याची श्रद्धा असते. समताचीही होती. नोएडातल्या ऑफिसखालच्या चहाच्या टपरीवर उभी राहून ती आईला सांगत होती, की ज्या गाढवाने 'झिवांश' हे नाव संस्कृत म्हणून बाळांच्या नावांच्या ॲपवर चढवलं, त्याला संस्कृतच्या दारातसुद्धा उभं करू नये.

"आणि ज्या गाढवाने ते पुतण्यासाठी पसंत केलं, त्याला?"

समताने वळून पाहिलं. हातात मातीचा कुल्हड, शर्टावर चहाचा डाग, डोळ्यांत अपराधी हसू... फोनमधून आई "कोण आहे गं?" विचारत राहिली.

चैतन्य त्याचं नाव. घर फरीदाबादला, नोकरी त्याच इमारतीत चौथ्या मजल्यावर, इंजिनिअरची. रविवारी पुतण्याचं बारसं. दोघा भावांना बहीण नाही, म्हणजे बाळाला आत्या नाही. तेव्हा नाव शोधायचं काम घरच्यांनी काकाच्या गळ्यात घातलेलं. समताचं काम ॲपवरच्या अकरा हजार नावांचे अर्थ तपासण्याचं. आधीच्या माणसाला अर्थ सापडला नाही, की तो 'देवाची देणगी' लिहून जेवायला जायचा. तिच्या स्वतःच्या नावापुढेही त्याने तेच लिहिलं होतं, हेही तिने सांगून टाकलं.

"त्यात चूक काय आहे?" चैतन्य म्हणाला.

ती चिडली. म्हणजे, चिडायचं तिने ठरवलं — पण कान उगाच गरम झाले.

मग तो रोज चार वाजता नवं नाव घेऊन हजर. मंगळवारचं नाव एका औषधाचं निघालं. बुधवारचं 'प्राचीन ग्रीक' नाव एका स्कूटरचं. समता वैतागून कपाळाला हात लावायची. आणि चाराला पाच मिनिटं कमी असताना केस सारखे करायची. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, असं तिचं मत होतं.

गुरुवारी तिनेच नाव दिलं: निनाद. मूळ खात्रीचं संस्कृत, अर्थ आवाज. बाळ दिवसभर रडतं हे तिला कळलं होतंच. घरी सगळ्यांना नाव आवडलं.

"आई तर म्हणते," शुक्रवारी तो आनंदाने म्हणाला, "इतकं पक्कं नाव शोधणाऱ्या मुलीनेच ते बाळाच्या कानात सांगावं. आत्या म्हणून. याल ना?"

बाळाची आत्या म्हणजे बाळाच्या बापाची बहीण. आणि बापाच्या सख्ख्या भावाची...? समताने त्याच्याकडे पाहिलं. तो मनापासून हसत होता. अशा माणसाला इंजिनिअरची पदवी कुणी दिली असेल?

"नाही येणार."

"अहो, का? मी घ्यायला येतो ना, यार."

"आत्या म्हणून येणार नाही," ती कुल्हडाकडे बघत म्हणाली. "नातं असं... न तपासता चढवू नका."

त्याचं हसू गेलं, मग हळूहळू परत आलं — वेगळंच होऊन. तिच्यावरची नजर न काढता त्याने फोन लावला.

"आई, आत्या दुसरी बघ... नाही, समता येतेय... अगं, काकू म्हणून. म्हणजे, तिने हो म्हटलं तर."

समताने मान हलवली. अगदी थोडीशी.

 मग आईचा आवाज टपरीभर ऐकू आला: "आधी सांगायचंस ना, मेल्या. करोल बागेतून आत्याच्या मानाची साडी आणून बसलेय. सुनेला असली चालते का?"

समताने कुल्हड तोंडाला लावला. तो केव्हाचा रिकामा होता.