हिलरीबाईंना मजा वाटली

पडद्यावरच्या कपाटाचं दार उघडलं आणि उन्नतीने शेजारचं मनगट गच्च धरलं.

कपाटातून आधी सुरा आला. मग हात. मग तो शांत चेहऱ्याचा माणूस… वसईच्या त्या थिएटरात एकदम श्वास अडकले. पुढचं उन्नतीने पाहिलंच नाही. डोळे मिटून ती ते मनगट आवळत राहिली, नखं रुतेपर्यंत.

"ज्ञानदा, संपलं का गं?"

"अजून नाही," शेजारून आवाज आला. पुरुषाचा. "सासरा राहिलाय."

उन्नतीने डोळे उघडले. चुलतबहीण ज्ञानदा वेफर्स आणायला गेली होती, ती अजून परतलीच नव्हती. तिची पर्स उजवीकडच्या खुर्चीवर होती. आणि मनगट… डावीकडचं. अंधारात चेहरा दिसला नाही. सोनचाफ्याचा वास तेवढा आला. आणि एक गोष्ट तिला नंतर कितीही म्हटलं तरी विसरता येईना — तो माणूस हसत होता.

ती पर्स उचलून बाहेर पळाली.

बाहेर, इंटरव्हलमध्ये:

"असला सिनेमा बायकापोरांनी बघायचा?"

"मग बघू नका. मी दुसऱ्यांदा आलोय."

"तुमचं डोकं तपासून घ्या."

"शेवट बघा हो, शेवट भारी आहे…"

"इथे मला मळमळतंय आणि हा शेवट सांगतोय."

*

त्या आठवड्यात अकरा पत्रं आली.

कुठे आली, तर माणिकपूरच्या एका छोट्या साप्ताहिकात, जिथे उन्नती अक्षरजुळणी करायची. एकोणीसशे नव्व्याण्णव साल. कार्यालयात काँप्युटर एक, पंखा एक आणि संपादक आत्मारामकाका एक. तिन्ही मधूनमधून बंद पडत. वाचकांच्या पत्रांचं पान उन्नतीच लावायची, मथळेही तीच द्यायची.

पत्र पहिलं — या चित्रपटावर बंदी आणा.

पत्र चौथं — बंदी कशाला, पेपरात रोज याहून वाईट वाचतो.

पत्र सातवं — माझी सासू बघून आल्यापासून कपाट उघडत नाही. साड्या मीच काढून देते.

पत्र नववं. भुईगावहून, हिलरी यांचं. 'कपाटातून तो माणूस बाहेर येतो तेव्हा सगळं थिएटर किंचाळलं. मला मात्र हसू आलं. खोटं कशाला लिहायचं, मला मजा वाटली.'

उन्नतीच्या अंगावर काटा आला. म्हणजे हसणारी आणखीही माणसं आहेत? ती मूळची साताऱ्याची, विरारला राहायला येऊन जेमतेम दोन वर्षं झालेली. हिलरी म्हटल्यावर तिच्या डोळ्यांपुढे चष्म्यातली, कडक इस्त्रीची एक बाई उभी राहिली. पानाच्या तळाशी बारीक अक्षरात होतं — कृ. मा. पा. कृपया मागे पाहा.

तिने ते वाचलं. आणि मागे पाहिलं नाही.

ऐन वेळी चपलांच्या दुकानाची जाहिरात आली होती, जागा कमी पडत होती, आणि अशा वेळी पत्र खालून कापायचं हा काकांचा नियमच होता… हे सगळं खरं. पण खरं कारण ते नव्हतं. तिला राग आला होता. तिने मथळा दिला: 'हिलरीबाईंना मजा वाटली'.

काका छापखान्यात गेले होते. अडवायला कोणीच नव्हतं.

*

गुरुवारी अंक निघाला. शुक्रवारी दुपारी दारात एक माणूस उभा राहिला. उंच, सावळा, हातात घडी केलेला अंक.

"पत्रांचं पान कोण लावतं?"

"मी. आपण?"

"हिलरीबाई."

उन्नतीची बोटं कीबोर्डवरच थिजली.

"तुमच्याकडे… पुरुषांचं नाव असतं हे?"

"आमच्या गावात चार आहेत. चौघांनाही कालपासून साडीचा रंग विचारून झालाय." तो बोलला गमतीनं, पण त्याचा चेहरा हसत नव्हता. "त्याचं काही नाही. पत्राची मागची बाजू वाचलीत?"

"जागा नव्हती."

"ते छापण्याचं झालं. मी वाचण्याचं विचारतोय."

उन्नतीने कीबोर्डवरून बोटं काढून घेतली.

"सहा वर्षं मी चर्चमध्ये रविवारी मुलांना धर्मशिक्षण देतो," तो म्हणाला. "पत्र माझंच हे मी लपवलं नाही, आणि काल फादरनी बोलावलं. आयांची तक्रार आहे. खुनाची मजा वाटणारा माणूस आमच्या पोरांना 'खून करू नकोस' ही आज्ञा कशी शिकवणार? या रविवारी वर्ग दुसऱ्याकडे दिलाय."

त्याने अंक टेबलावर ठेवला. बाही वर सरकली. मनगटावर चार चंद्रकोरी, खपल्या धरलेल्या. आणि तो वास… सोनचाफ्याचा.

उन्नतीने तारेत खोचलेल्या गठ्ठ्यातून ते पत्र ओढून काढलं. उलटं केलं.

'…आणि तीच भीतीची गोष्ट आहे. मी हसत होतो. तेवढ्यात शेजारच्या अनोळखी मुलीने माझं मनगट धरलं. तिची नखं रुतली तेव्हा मला कळलं की समोर कुणालातरी दुखतंय. सिनेमा चांगला की वाईट, मला ठरवता येत नाही. माझ्या वर्गातल्या मुलांनी तो बघू नये. मोठेपणी बघितलाच, तर शेजारी तशी मुलगी असावी.'

तिने पत्र अंकाशेजारी ठेवलं.

"ती… मी होते," उन्नती म्हणाली.

आता थिजायची पाळी त्याची होती. त्याने तिच्याकडे पाहिलं, मग तिच्या बोटांकडे.

"नखं कुठेत?"

"कापली. त्याच दिवशी."

"नखं कापलीत, पत्र कापलंत… काही शिल्लक ठेवता की नाही?"

तिला हसू यायला हवं होतं. डोळ्यांत पाणी आलं. "जागेचं खोटं होतं. मी मुद्दामच मागे पाहिलं नाही. राग आला होता… तुम्ही हसलात त्याचा. म्हणजे तुमचा नाही, त्या बाईंचा — म्हणजे तुमचाच."

"बाईंना कळवतो," हिलरी म्हणाला, आणि पहिल्यांदा किंचित हसला.

*

"दिलगिरी छापायची नाही," आत्मारामकाका म्हणाले. "एकाची छापली की उद्या दहा जण दारात."

"मग पेपरचं नाव नको. माझं घालते."

"आणि नोकरी?"

"ते तुम्ही ठरवा, काका."

तिने अख्खं पत्र लावलं. खाली चौकट: 'मागील अंकात हे पत्र मागची बाजू न वाचता कापले. मथळाही चुकीचा दिला. दोष लेखकाचा नाही, माझा आहे. — उन्नती साबळे, अक्षरजुळणी.' काकांनी प्रूफ दोनदा वाचलं, चष्मा पुसला, आणि पेन्सिलीने चपलांच्या जाहिरातीवर काट मारली.

"चपला पुढच्या आठवड्यात."

मग पुन्हा पत्रं आली. सिनेमाबद्दल दोन. बाकी सतरा जणांना एकच विचारायचं होतं — ती मुलगी कोण?

सोमवारी दारात केळीच्या पानाचा पुडा आला, मागोमाग हिलरी.

"वर्ग मिळाला?" तिने घाईने विचारलं.

"मिळाला. दोन आया अजून पोरांना पाठवत नाहीत. म्हणतात, हसला तो हसलाच." त्याने पुडा टेबलावर ठेवला. "चूक नाही त्यांची."

पुड्यात सोनचाफा होता, त्याच्या वाडीतला. फुलांखाली एक चिठ्ठी.

'तुम्ही मला आवडलात. खोटं कशाला लिहायचं. कृ. मा. पा.'

उन्नतीने चिठ्ठी चटकन उलटी केली. मागे काहीच नव्हतं. कोरं.

"इथे तर…"

"जागा सोडलीय," तो खिडकीबाहेर रिक्षांकडे बघत म्हणाला. कान मात्र लाल झाले होते. "तिथे तू लिही. कितीही मोठं चालेल. मी कापत नाही."

तू… तो तू म्हणाला होता.

उन्नतीने पेन उचललं, खाली ठेवलं. मग टेबलावरून हात लांब करून तिने तेच मनगट धरलं, चार पुसट चंद्रकोरींवर आपली चार बोटं नेमकी ठेवून. गच्च. या वेळी डोळे उघडे ठेवून.