बासष्ट नंबरची बाटली

"...आणि शनिवारी रात्री म्हणे अख्खी टीम मैदानात..."

एवढंच बोलून बेकरीवाली बर्निस गप्प झाली, कारण दारात लॅडी व्होरासेक उभा होता. मी रांगेतच होतो, पोरांनो. म्हणजे कोलाचे, ते फळांचं सारण भरलेले गोड पाव, घेऊन झाले होते, पण कान तिथंच अडकले होते.

"थांबलीस का? माझीच टीम ना ती?" लॅडी म्हणाला.

"कुठं काय! खसखशीचे संपले रे. जर्दाळूचे देऊ?"

लॅडी माझा शेजारी. कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल टीमचं सामान सांभाळायचा. हेल्मेटं पुसायची, जर्स्या धुवायच्या, सरावाला पाण्याच्या बाटल्या न्यायच्या. प्रत्येक बाटलीवर पांढरी चिकटपट्टी आणि तिच्यावर लॅडीच्या हातचा नंबर.

अठ्ठ्याऐंशी वर्षं चाललेली ती टीम त्र्याऐंशी साली बंद झाली. कॉलेज म्हणालं, परवडत नाही. गावाला खरं कारण ठाऊक होतं. ऑगस्टमधला सराव, मक्याची पानं करपतील असलं ऊन आणि कोचचा जुना नियम: शिट्टी झाल्याशिवाय पाणी नाही. पाणी मागेल तो कच्चा. बासष्ट नंबरचा रॉजर ह्रुस्का दोनदा लॅडीकडं आला. "लॅडी, एक घोट." लॅडीनं कोचकडं पाहिलं. कोचनं नाही म्हणून मान हलवली. बाटली लॅडीच्या हातातच राहिली.

संध्याकाळी रॉजर गेला.

तर गेल्या नोव्हेंबरातला दुसरा शनिवार. रात्रीचे नऊ वाजून दहा मिनिटं. कॉलेजच्या पहारेकऱ्याचा लॅडीला फोन आला. "काका, पहाटे पारा फार उतरणार. मैदानाजवळच्या जुन्या खोलीतले पाइप फुटतील. पाण्याचा मुख्य कॉक कुठाय, तुमच्याशिवाय कुणाला माहीत नाही बघा."

लॅडी बॅटरी घेऊन गेला. कॉक सापडला. दोन्ही हातांनी आवळून बंद केला. मग नळ सोडून पाइपातलं उरलंसुरलं पाणी वाहू दिलं. शेवटचा थेंब पडला.

आणि मैदानाकडून आवाज आला. सिमेंटवर खिळ्यांचे बूट.

टक्... टक्... टक्...

एकाच माणसाचे. दाराशी थांबले.

"लॅडी."

"...कोण?"

"एक घोट."

लॅडीनं नळ फिरवला. कोरडा. दुसरा फिरवला. कोरडा. तो कॉकाकडं धावला. आत्ताच आवळलेला कॉक... हलेना. गारठलेली बोटं घसरत होती. "थांब रे पोरा, देतो... आत्ता देतो..."

"कोचला विचार."

"कोच मेला रे! कधीच मेला! तू पी!"



"शिट्टी झाली का, लॅडी?"

लॅडीनं दोन बोटं तोंडात घातली. फुंकलं. पुन्हा फुंकलं. नुसती वाफ. शिट्टी वाजेना... वाजेचना.

टक्... टक्...

बूट मैदानाकडं परत गेले.

सकाळी लॅडी माझ्या स्वयंपाकघरात बसला. कॉफी तशीच. "शिट्टीसुद्धा येईना रे मला," एवढंच म्हणत होता. शेवटी मीच त्याला घेऊन गेलो. चौकशी केल्याशिवाय मला राहवतंय होय?

मैदानभर पांढरं दव गोठलेलं. बर्निस नंतर बेकरीत सांगत होती तशी अख्खी टीम खेळायला आली असती, तर गवत तुडवलेलं दिसलं असतं. तसं काही नव्हतं. खिळ्यांच्या बुटांची एकच ओळ होती, खोलीपर्यंत आलेली आणि परत फिरलेली. खेळायला कुणी आलंच नव्हतं.

कॉक घट्ट बंद. नळ कोरडे. बादलीतला ओला फडका दगडासारखा कडक झालेला.

बाकावर एक बाटली. पिवळी पडलेली पट्टी, तिच्यावर लॅडीच्या हातचा बासष्ट. टीम बंद झाली त्याच आठवड्यात त्यानं सगळ्या बाटल्या जाळून टाकल्या होत्या.

बाटली काठोकाठ भरलेली. टोपण उघडलेलं नव्हतं. मी ती उचलली, पोरांनो...

उन्हात ठेवल्यासारखी गरम होती.